हरळीतली अंतर्बुरशी वेगळी काढताना प्लेट दरवेळी काळी का पडते?

अंतर्बुरशी म्हणजे रोपाला आजारी न पाडता त्याच्या आत राहणारी बुरशी. ती वेगळी काढणाऱ्यांची तक्रार साधारण अशी असते. नागपूरच्या अंबाझरी किंवा सेमिनरी हिल्सकडून हरळी आणली, तुकडे निर्जंतुक केले, पीडीएवर (बटाटा-साखरेच्या घट्ट माध्यमावर) मांडले. तिसऱ्या दिवशी प्लेटभर काळी भुकटी. मग ब्लीचची वेळ दुप्पट केली, तर प्लेट महिनाभर कोरी. वेळ मधली ठेवली, पुन्हा काळं. सत्र संपत येतं आणि प्रकल्पाच्या वहीत ‘दूषित’ या शब्दाखेरीज काही नसतं.

ब्लीचची वेळ कमी-जास्त करत बसणं आधी थांबवा. प्लेट काळी पडण्याची कारणं निदान चार आहेत: गवताच्या पृष्ठभागावर उरलेले बीजाणू, खोलीतली हवा, तापलेला इनक्युबेटर, आणि चौथं म्हणजे काहीच बिघडलेलं नसणं. ती काळी बुरशी खरोखर गवताच्या आतलीच असू शकते. चौघांवर इलाज वेगळा आहे, म्हणून आधी प्लेट वाचायला शिका.

काळं म्हणजे नेमकं कोणतं काळं?

वाढ कधी आली आणि कुठून आली, या दोन गोष्टी रोज लिहून ठेवा. प्लेटच्या तळाला मार्करने प्रत्येक तुकड्याचा क्रमांक टाका आणि पहिले दहा दिवस रोज एकाच वेळी बघा. ३६ ते ४८ तासांत तुकड्याच्या सगळ्या कडांनी एकदम वाढ फुटली तर ती बहुतेक पृष्ठभागावरची. तुकड्यापासून लांब, नुसत्या माध्यमावर गोल ठिपका उगवला तर तो हवेतून पडलेला. चौथ्या ते दहाव्या दिवसाच्या दरम्यान कापलेल्या टोकातून बारीक तंतूंचा झुपका बाहेर आला आणि तुकड्याची बाजू स्वच्छ राहिली, तर हेच तुम्हाला हवं होतं, मग रंग कोणताही असो.

त्यानंतर सेलोटेपचा छोटा तुकडा वसाहतीवर हलका टेकवा, कॉटन ब्लूच्या (बुरशीला निळं रंगवणाऱ्या द्रावणाच्या) थेंबावर चिकटवा आणि ४०० पट मोठं करून बघा. लांब दांडीवर गोल डोकं आणि त्याभोवती माळांनी लागलेले बारीक काळे बीजाणू दिसले तर तो अ‍ॅस्परजिलस नायजर, म्हणजे जवळजवळ नक्कीच पाहुणा. किंचित वाकलेले, बहुधा चार कप्प्यांचे, मधला एक कप्पा फुगून काळवंडलेला असे बीजाणू असतील तर ती कर्व्ह्युलॅरिया. काळे कुळकुळीत, चकचकीत, जवळजवळ गोल आणि एकेकटे बीजाणू म्हणजे निग्रोस्पोरा. आडव्या-उभ्या पडद्यांचे, चोचीचे बीजाणू म्हणजे अल्टरनेरिया. शेवटच्या तिन्ही बुरशी उष्ण प्रदेशातल्या गवतांच्या आत नेहमी सापडतात. त्या फेकून दिल्या तर प्रकल्पच फेकून दिला असं समजा.

कर्व्ह्युलॅरियाला तर अजिबात हलकं लेखू नका. अमेरिकेतल्या यलोस्टोनच्या गरम झऱ्यांकाठी डायकँथेलियम नावाचं गवत वाढतं. त्याच्या आत कर्व्ह्युलॅरिया प्रोट्युबराटा राहते. बुरशी आत असेल तर ते गवत ६५ अंशांपर्यंत तापणाऱ्या मातीतही तगतं, बुरशी काढली की तगत नाही, हे २००२ मध्ये दाखवलं गेलं. २००७ मध्ये त्यात आणखी एक पात्र सापडलं: त्या बुरशीच्या आत एक विषाणू असतो आणि तो नसेल तर बुरशी असूनही गवताला उष्णता सोसत नाही. मे महिन्यात पारा ४५ च्या वर जाणाऱ्या नागपुरात हिरव्या राहिलेल्या हरळीतून कर्व्ह्युलॅरिया निघाली, तर ती नीट जपून ठेवावी. मात्र ती सापडली एवढ्यावरून ‘हीच हरळीला उन्हात वाचवते’ असं लिहू नका. याच कुळातल्या काही बुरशी हरळीवर पानांचे ठिपकेही आणतात. म्हणून पाती घेताना एकही तपकिरी ठिपका नसलेली घ्या.

तीन साक्षीदार प्लेटा

प्रत्येक खेपेला तीन जादा प्लेटा लागतातच. पीडीए वाचवायला म्हणून हीच काटकसर केली जाते आणि मग सगळी खेप वाया जाते.

पहिली ठशाची प्लेट. निर्जंतुक केलेले तुकडे तिच्यावर एक मिनिट हलके दाबून ठेवा आणि उचला. दुसरी शेवटच्या धुवणाची: अखेरच्या निर्जंतुक पाण्यातलं ०.१ मिली पसरा. तिसरी उघडी प्लेट, तुमचं काम चालू असेपर्यंत लॅमिनारमध्ये (गाळलेल्या हवेच्या झोताखालच्या कामाच्या कपाटात) झाकण काढून ठेवलेली.

ठशावर किंवा धुवणावर वाढ आली तर दोष निर्जंतुकीकरणाचा. फक्त उघड्या प्लेटवर आली तर दोष हवेचा, आणि मग ब्लीचला हात लावू नका. तिन्ही कोऱ्या आणि तरी तुकड्याच्या टोकातून काळी वाढ, तर ती अंतर्बुरशी म्हणून नोंदवा. ठशाची प्लेट एकटी पुरत नाही. पात्याच्या खाचेत अडकलेला बीजाणू ठशावर उतरत नाही पण धुवणात येऊ शकतो, म्हणून दोन्ही ठेवायच्या.

ब्लीचची बाटली उन्हाळ्यात खोटं बोलते

लेबलवर ‘४ टक्के उपलब्ध क्लोरीन’ असतं. ते बाटली भरली त्या दिवसाचं. सोडियम हायपोक्लोराइट उष्णतेत विघटित होतं, आणि तापमान दर १० अंश वाढलं की हा वेग साधारण तीन-चार पट होतो. एप्रिलमध्ये पत्र्याखालच्या स्टोअरमध्ये ठेवलेली बाटली जूनमध्ये उघडली तर आत काय उरलं असेल, याचा अंदाज लेबल वाचून येणार नाही. जानेवारीत नीट चाललेली पद्धत मे महिन्यात का फसते याचं उत्तर बरेचदा इथेच असतं, आणि पदवीच्या पहिल्या वर्षाचं रसायनशास्त्र ते पंधरा मिनिटांत देतं.

१० मिली ब्लीच पाण्याने १०० मिली करा. त्यातलं १० मिली शंकूच्या आकाराच्या चंबूत घ्या, १ ग्रॅम पोटॅशियम आयोडाइड आणि ५ मिली ग्लेशियल अ‍ॅसेटिक आम्ल घाला. द्रावण तपकिरी होईल. ब्युरेटमधून ०.१ नॉर्मल सोडियम थायोसल्फेट सोडत जा. रंग फिकट पिवळा झाला की १ मिली स्टार्च घाला, निळा रंग येईल. तो एका थेंबाने जाईल तिथे थांबा. लागलेले मिली गुणिले ०.३५५ म्हणजे बाटलीतल्या क्लोरीनचे टक्के. ताज्या ४ टक्क्यांच्या बाटलीला सुमारे ११.३ मिली लागतात. तुम्हाला ६ मिलीच लागले तर बाटली २.१ टक्क्यांवर आली आहे. तुम्ही निम्मं पाणी घालून ‘२ टक्के’ म्हणून वापरता ते प्रत्यक्षात १ टक्काच असतं. हे काम खिडकी उघडी ठेवून करा, आणि आम्ल चंबूतच घाला. मूळ बाटलीत चुकूनही नको, क्लोरीन वायू सुटतो.

२ टक्के द्रावण १०० मिली करायचं तर २०० ला बाटलीच्या खऱ्या टक्क्यांनी भागा, तितके मिली ब्लीच घ्या आणि उरलेलं पाणी. ४ टक्क्यांना ५० मिली, २.१ टक्क्यांना जवळजवळ ९५ मिली. त्यात ट्वीन-२० चे (द्रावण पानावर नीट पसरवणाऱ्या साबणासारख्या द्रवाचे) एक-दोन थेंब. बाटली फ्रिजमध्ये, अंधारात ठेवा. दर महिन्याला तपासा, उन्हाळ्यात दर पंधरवड्याला.

हरळीचा चिवट भाग: पात्याचा सांधा

हरळीचं पातं पुसल्यासारखं गुळगुळीत वाटतं, पण पातं आणि खोळ (पात्याचा कांडीला गुंडाळलेला खालचा भाग) जिथे जुळतात त्या सांध्यावर बारीक केसांची झालर असते. ब्लीचमध्ये तुकडा बुडवून भिंगाने पाहिलंत तर त्या झालरीत चांदीसारखी चकाकणारी हवेची पापुद्री अडकलेली दिसते. हवा आहे तिथे ब्लीच पोचत नाही. पाच मिनिटं ठेवा नाहीतर पंधरा, तो कोपरा कोरडाच राहतो आणि तिसऱ्या दिवशी बरोबर तिथूनच काळी वाढ येते. वेळ वाढवल्याने बाकीचं पातं मात्र आतून मरतं. एकाच खेपेत ‘काळं’ आणि ‘कोरं’ दोन्ही कसं येतं, ते यावरून समजावं.

सगळ्यात सोपं म्हणजे तो सांधा कापून टाकायचा. पात्याचा मधला भाग आणि पेराजवळची कांडी वेगवेगळ्या घ्या. सांधाच हवा असेल तर आधी वाहत्या नळाखाली दहा-पंधरा मिनिटं धुवा, ७० टक्के अल्कोहोलमध्ये बुडवून चंबू जोरात हलवा, चांदीची चकाकी गेली का ते बघा, मगच पुढे.

तुकडे सुरुवातीला दीड-दोन सेंटीमीटर लांब कापा, कारण कापलेल्या टोकातून ब्लीच आत शिरतं. पात्यासाठी क्रम असा: ७० टक्के अल्कोहोल ३० ते ६० सेकंद, पूर्ण निथळू द्या (अल्कोहोल उरलं तर क्लोरीन त्यावरच खर्ची पडतं), २ टक्के ब्लीच दोन ते तीन मिनिटं, पुन्हा अल्कोहोल ३० सेकंद, मग निर्जंतुक पाण्याच्या तीन धुण्या. कांडीला ब्लीच चार ते पाच मिनिटं. जमिनीखालच्या धावत्या खोडाला त्याहून थोडं अधिक, पण माती आधी ब्रशने काढलेली असली तरच. मातीच्या कणाआड ब्लीच फुकट जातं. निर्जंतुक टिपकागदावर कोरडं करा, दोन्ही टोकं २-३ मिलीमीटर छाटा आणि उरलेले ५ मिलीमीटरचे तुकडे मांडा. ९० मिलीमीटरच्या प्लेटमध्ये पाच, जास्त नकोत. दाटी झाली की वेगाने वाढणारी एक बुरशी हळू वाढणाऱ्या चौघींना गिळते.

गवत आणण्याबद्दल दोनच गोष्टी. प्लास्टिकच्या पिशवीत, दुपारी, गाडीच्या डिक्कीत आणलेली हरळी प्रयोगशाळेत पोचेपर्यंत वाफवलेली असते. सकाळी तोडा, कागदी लिफाफ्यात ठेवा, २४ तासांत उरका, तोवर ४ अंशांवर. आणि निगा राखलेल्या लॉनवरून घेणार असाल तर माळ्याला विचारा की बुरशीनाशक कधी मारलं. कार्बेन्डाझिम मारलेल्या हरळीतून काही न उगवणं हा काही शोध नव्हे.

कूलर बंद करा, हे आधीच सांगायला हवं होतं

उन्हाळ्यात नागपूरच्या प्रयोगशाळेत डेझर्ट कूलर असतोच. ओल्या ताट्यांवर, वाळ्याची असो की लाकडाच्या तंतूंची, हंगामाच्या मध्यापर्यंत बुरशीचा थर बसतो आणि पंखा त्यातले बीजाणू खोलीभर उडवतो. लॅमिनारचा पडदा समोरून येणाऱ्या कूलरच्या झोताला अडवू शकत नाही. काम सुरू करण्याआधी अर्धा तास कूलर आणि पंखा दोन्ही बंद. घाम येईल, येऊ द्या. लॅमिनार पंधरा मिनिटं आधी चालू ठेवा, टेबल ७० टक्के अल्कोहोलने पुसा.

हिरवट-निळ्या वसाहती वाढल्या तर संत्र्यांचा हंगाम चालू आहे का ते बघा. कोपऱ्यातल्या टोपलीत एक जरी संत्रं सडलेलं असेल तर त्याच्यावरची हिरवी भुकटी पेनिसिलियम डिजिटॅटमची असते, निळसर असेल तर पेनिसिलियम इटॅलिकमची. टोपली रोज रिकामी करा. प्रयोगशाळेत संत्री खाऊ नयेत हे तसंही नियमात आहे.

इनक्युबेटरचा काटा २५, आतलं तापमान ३८

साधा इनक्युबेटर तापवतो, गार करत नाही. खोली ३८ अंशांवर असताना तो २५ वर लावला तर आत ३८ च राहतं, दिवा बंद असतो एवढंच. ३८ ला अ‍ॅस्परजिलस मजेत वाढतो आणि बऱ्याच अंतर्बुरशी मंदावतात किंवा मरतात. शर्यतीचा निकाल आधीच ठरलेला. गार करणारा बीओडी इनक्युबेटर हवा. तोही आहे असं समजून चालू नका: पाण्याने भरलेल्या चंबूत थर्मामीटर बुडवून आत ठेवा आणि सकाळ-दुपार नोंद करा. वीज जाऊन आल्यावर कॉम्प्रेसर आपोआप सुरू होतो का, हे एकदा मुद्दाम मेन स्विच बंद करून तपासा. बीओडी नसेल तर हे काम ऑक्टोबर ते फेब्रुवारीत करावं, त्यात कमीपणा नाही.

कोरड्या हवेचा दुसरा त्रास म्हणजे माध्यम सुकून कागदासारखं होणं. हळू वाढणाऱ्या बुरशीला तीन-चार आठवडे द्यायचे तर प्लेटमध्ये १५ ऐवजी २० ते २५ मिली पीडीए ओता, कडेने पॅराफिल्म लावा आणि इनक्युबेटरच्या तळाला पाण्याचा ट्रे ठेवा. पीडीए ३९ ग्रॅम प्रति लिटर, १२१ अंशांवर १५ मिनिटं. जिवाणू त्रास देत असतील तर क्लोरॅम्फेनिकॉल १०० मिलीग्रॅम प्रति लिटर. ते ऑटोक्लेव्हमध्ये (दाबाच्या वाफेने निर्जंतुक करणाऱ्या भांड्यात) टिकतं, आधीच घालता येतं. स्ट्रेप्टोमायसिन टिकत नाही, ते गाळून निर्जंतुक करून माध्यम ५० अंशांच्या आसपास आल्यावर घालायचं.

आणि प्लेटवर वसाहतींची एका रेषेत, शिवणीच्या टाक्यांसारखी ओळ दिसली तर ना ब्लीच दोषी ना हवा. ते माइट, म्हणजे डोळ्यांना जेमतेम दिसणारे कोळ्यांच्या जातीचे जीव आहेत. प्लेटमधून प्लेटमध्ये चालत जाताना पायांना बीजाणू घेऊन जातात. त्या सगळ्या प्लेटा ऑटोक्लेव्ह करून फेका, इनक्युबेटर रिकामा करून अल्कोहोलने पुसा, जुन्या विसरलेल्या प्लेटा शोधा. घर तिथेच असतं.

पुस्तकातली बुरशी हरळीत सापडणार नाही

काही प्रकल्प वेगळ्याच कारणाने अडतात. पुस्तकात गवताची सहजीवी बुरशी म्हणून एपिक्लोईचं वर्णन वाचलेलं असतं (जुन्या पुस्तकांत अ‍ॅक्रेमोनियम किंवा निओटायफोडियम), आणि तीच हरळीत शोधली जाते. ती तिथे नाही. एपिक्लोई थंड हवामानातल्या गवतांत राहते: राय गवत, फेस्क्यू आणि त्यांचे भाऊबंद. हरळी, पवन्या, मारवेल, कुसळी, कुंदा ही विदर्भातली गवतं वेगळ्या शाखेची. आपला गहू थंड गवतांच्या शाखेतला खरा, पण लागवडीच्या गव्हात ती निसर्गतः आढळत नाही. एपिक्लोईच्या नात्यातल्या बॅलान्सिया वर्गातल्या बुरशी मात्र उष्ण प्रदेशातल्या गवतांत असतात. भाताची लोंबी उदबत्तीसारखी ताठ, राखाडी-पांढरी बाहेर पडते तो उदबत्ता रोग याच वर्गातल्या बुरशीचा.

एपिक्लोईच बघायची असेल तर हिवाळी लॉनसाठी मिळणारं राय गवताचं बी घ्या. काही बियाण्यात ती मुद्दाम ठेवलेली असते कारण ती बनवत असलेली अल्कलॉइडं किड्यांना दूर ठेवतात. हीच अल्कलॉइडं जनावरांना बाधतात. फेस्क्यू चरणाऱ्या गुरांच्या आजाराशी या बुरशीचा संबंध अमेरिकेत १९७७ मध्ये जोडला गेला, आणि न्यूझीलंडमध्ये मेंढ्यांच्या लटपटण्याशी १९८१ मध्ये. म्हणून अशा लॉनची कापलेली हिरवळ गोठ्यात देऊ नका.

इथे हमखास घडणारी गडबड अशी. बी रात्रभर ५ टक्के सोडियम हायड्रॉक्साइडमध्ये भिजवून, धुवून, कॉटन ब्लूमध्ये रंगवून काचपट्टीवर चिरडलं, तर दाण्याच्या सालीखालच्या अ‍ॅल्यूरोन पेशींच्या मधून नागमोडी, क्वचितच फांद्या फुटणारे निळे तंतू स्पष्ट दिसतात. बी पेरलं, छान उगवलं. रोपाच्या खोळीत मात्र एकही तंतू नाही. रंगवण्यात चूक झाली म्हणून पुन्हा रंगवलं जातं, तिसऱ्यांदा रंगवलं जातं. चूक रंगात नाही. गरम आणि दमट साठवणीत बियातली बुरशी बियाण्याच्या आधी मरते; वर्ष-दोन वर्षांत बी जिवंत आणि बुरशी मेलेली अशी अवस्था येते. मेलेला तंतूही रंग घेतोच. नागपूरच्या गोदामात एक उन्हाळा काढलेल्या पाकिटाबाबत तर हा संशय आधी घ्यावा.

म्हणून बियावरची तपासणी फक्त ‘होती’ एवढं सांगते. ‘आहे’ हे ठरवायला साधारण शंभर बिया नोव्हेंबरमध्ये कुंड्यांत पेरा, सहा ते आठ आठवड्यांनी प्रत्येक रोपाची सर्वांत बाहेरची हिरवी खोळ काढा, तिच्या आतल्या बाजूचा पारदर्शक पापुद्रा चिमट्याने सोलून कॉटन ब्लूच्या थेंबात दोन मिनिटं ठेवा आणि बघा. पेशींच्या लांबीला समांतर, जवळजवळ फांद्या न फुटलेले तंतू पेशींच्या मधून गेलेले असतील तर बुरशी जिवंत आहे. पेशींच्या आत शिरलेले, भरपूर फांद्यांचे तंतू असतील तर ती दुसरीच कोणी. नवं बी हवाबंद डब्यात, सिलिका जेलसह, फ्रिजमध्ये ठेवा.

प्लेटवरही घाई नको. एपिक्लोई खोळीच्या तुकड्यातून बाहेर यायलाच एक ते चार आठवडे घेते, तेही २२ ते २५ अंशांवर, आणि येते ती पांढऱ्या कापसासारखी. दहाव्या दिवशी प्लेट कोरी म्हणून फेकली तर बहुधा ती बाहेर यायचीच राहिलेली असते.